वस्ती पेलणारे

विहीर खणणाऱ्यांच्या घरात मी सून म्हणून आले, तेव्हा मला स्वयंपाकघराच्या आधी रहाट दाखवण्यात आला. सासूबाई काठावर उभ्या राहून हुकूम सोडत आणि त्यांच्या आवाजावर माणसे जमिनीत उतरत, वर येत. त्या गेल्या आणि काठावरची ती जागा माझ्याकडे आली. थोरला मुलगा अधूनमधून सुचवतो, "आई, आता तू बस. आम्ही बघतो." मी त्याला सांगते, की मला उभे राहूनच नीट दिसते.

आमच्या घराण्याचे नियम थोडे आहेत, परंतु ते मोडण्याची कुणाची प्राज्ञा नाही. त्यांतला पहिला असा, की पाणी लागल्याखेरीज विहिरीला दगड लावायचा नाही. आधी तळ गाठायचा, झरा मोकळा करायचा, आणि मगच तळापासून चिरे बसवीत वर काठापर्यंत यायचे. पाण्याने अजून होकार दिलेला नसताना त्याच्यासाठी घर बांधायला घेणे, हा सासूबाईंच्या लेखी उर्मटपणा होता. इतर विहीरवाले कसेही काम करोत. आमचे काम असेच चाले.

ज्या वर्षीची ही हकिकत आहे, त्या वर्षी वस्तीतल्या जुन्या विहिरी एकेक करून आटल्या. दवाखान्यात हात धुण्यापुरते पाणी झाकून ठेवू लागले, शाळा अर्ध्या दिवसाने सुटू लागली, आणि लोक दारांना कुलपे लावून नातलगांकडे जाऊ लागले. कर्ती माणसे माझ्याकडे आली. मी त्यांना बसवले, त्यांचे ऐकून घेतले आणि सांगितले, की शाळेमागच्या मोकळ्या मैदानाच्या मधोमध सकाळचे धुके इतर ठिकाणांपेक्षा उशिरा उठते. तिथे पाणी आहे आणि ते मी काढून देईन.

शब्द देऊन झाल्यावर मी तडक बेकरीवाल्याकडे गेले. त्याने भट्टीचे दार उतरवून भिंतीला टेकवले होते आणि पीठ मळायच्या पराती तो एकात एक घालून बांधत होता.

"हे काय चाललंय?" मी विचारले.

"बाई, पीठ आहे, लाकूड आहे, हातही आहेत. पण पीठ काय थुंकीनं मळू?"

"पाणी लागेपर्यंत थांब."

"आणि नाही लागलं तर?"

"तर माझ्या दारात उभा राहा आणि मला चार शिव्या घाल."

"तुम्हाला शिव्या घालायच्या म्हणजे आधी घसा ओला करायला पाणी लागेल की!" तो म्हणाला; पण परातींची गाठ त्याने सोडली.

त्याला थांबवणे भाग होते. ज्या गल्लीत सकाळी पावाचा वास येत नाही, तिथल्या माणसांना उठून बसायला कारण उरत नाही. तो गेला असता तर उरलेली वस्ती त्याच्या मागोमाग गेली असती, हे मला दिसत होते.

मैदानात काम सुरू झाले. माती गेली, मुरूम गेला, खडक लागला. खाली थोरला आणि सूनबाई, वर रहाटावर माझे दीर. हे दीर देहाने असे भरभक्कम, की ते रहाटाला फिरवतात की रहाट त्यांना, असा प्रश्न पाहणाऱ्याला पडावा. सूनबाई मात्र काटक आहे आणि छिन्नीच्या आवाजावरून खडकाचे मन ओळखते.

विहिरीच्या भिंतीत एके ठिकाणी पांढऱ्या गारगोटीचा पट्टा लागला होता. संध्याकाळी काम थांबले तेव्हा तो सूनबाईच्या डोक्याच्या वर होता. दुसऱ्या दिवशी सकाळी ती खाली उतरली आणि तिची हाक आली.

"आई! पट्टा माझ्या छातीशी आलाय!"

"गाळ साचला असेल. उपसून टाका."

"गाळ नाही, अहो. कालच्या छिन्नीच्या खुणा जशाच्या तशा आहेत. अख्खा तळच वर आलाय."

मी विहिरी ढासळताना पाहिल्या आहेत, बुजताना पाहिल्या आहेत, कोंडलेल्या हवेने धडधाकट माणसे आडवी होताना पाहिली आहेत. तळ वर येताना पाहिला नव्हता.

"वहिनी," दीर म्हणाले, "ही विहीर आपल्याला हाकलतेय. नकोशा पाहुण्याला कसं गोड बोलत बोलत दारापर्यंत आणतात, तसं."

"भाऊजी, तुम्हाला हाकलायचं तर तिला मदतीला आणखी चार विहिरी बोलवाव्या लागतील. रहाट धरा."

आम्ही खणत राहिलो. जितका दगड काढावा तितका तळ वर येई, आणि घाई करावी तर तोही घाई करी. अखेरीस हाताखालचे गडी काठावर नुसते बसून राहिले. थोरल्याने माझी नजर चुकवत विचारले, "आई, जागा चुकली असेल का गं?" मैदानाच्या कडेला, शाळेच्या भिंतीलगतच्या पायवाटेवर लोक जमून आमच्याकडे पाहत होते. त्यांत बेकरीवाला होता, आणि त्याच्या पाठीवर बोचके होते.

"पाळणा लावा," मी म्हणाले. "मी उतरते."

पाळणा म्हणजे दोराला बांधलेली लाकडी बैठक. तीवरून मी तळाशी पोहोचले आणि खडकावर तळवा ठेवला. खडक उबदार होता. एखाद्या जनावराला घट्ट धरून ठेवले की ते आतल्या आत थरथरते, तसा तो थरथरत होता. वर सरकताना तळाची कड एका बाजूला भिंतीपासून सुटली होती आणि तिथल्या फटीतून ओला, गार वारा येत होता. सूनबाईने आणि मी पहारीने ती फट माणूस जाईल इतकी रुंद केली.

"आई, मी जाते," ती म्हणाली.

"तू दोर धर. मी हिसका दिला की ओढायचं."

"अहो, पण तुमचे गुडघे..."

"सूनबाई."

तिने दोर धरला आणि मी त्याच्या आधाराने फटीतून उतरले.

खाली माझे पाय ओल्या मातीला लागले. बॅटरी लावून मी हात उंच केला, आणि तो हात कितीतरी वेळ तसाच उंच राहिला.

माझ्यापुढे आमच्या वस्तीएवढी विस्तीर्ण पोकळी होती आणि तिच्यात ते उभे होते. प्रचंड देह, वाकलेल्या पाठी, छातीपर्यंत झुकलेल्या माना, आणि वरच्या खडकाला लावलेले खांदे. अंग दगडाचेच होते, पण ते श्वासागणिक फुगत होते आणि ओसरत होते. चेहऱ्यांना डोळे नव्हते. कपाळच तसेच गुळगुळीत खाली उतरून ओठांना मिळाले होते. पाय घोट्यांपर्यंत मातीत रुतलेले, आणि प्रत्येकाच्या घोट्यांभोवती पाण्याचे एक कडे लकाकत होते. ओल्या वाळूवर पाऊल दाबले की भोवती पाणी सुटते, अगदी तसे. त्यांच्या रांगा बॅटरीचा उजेड संपेपर्यंत गेल्या होत्या आणि उजेडापलीकडूनही श्वास ऐकू येत होते.

त्या रांगा मी पाहत राहिले आणि हळूहळू मला ओळख पटू लागली. ही वळणाची रांग म्हणजे बाजाराची गल्ली. तो दाटीने उभा असलेला गट म्हणजे दवाखाना. पलीकडे एकट्याने उभा असलेला रुंद पाठीचा, तो शाळेखाली. पायवाटांखाली, जिथे वरचा खडक खाली उतरला होता, तिथे त्यांची पोरे होती, माझ्या कमरेइतकी. त्यांच्या खांद्यांवर नुसती पायवाट, आणि तेवढी पेलतानाही त्यांनी गाल फुगवले होते. जिला मी जन्मभर जमीन म्हणत आले, जिच्यावर पाय रोवून मी हुकूम सोडले, ती सबंध जमीन कुणीतरी न बोलता उचलून धरली होती. मी सहसा कुणापुढे वाकत नाही. तिथे मात्र माझे गुडघे, ज्यांची सूनबाईला काळजी होती ते, माझी परवानगी न घेताच टेकले.

"अरे, भट्टी तापली का? ट्रे सरकव ना पुढे!"

मी दचकून मागे पाहिले. आवाज हुबेहूब बेकरीवाल्याचा होता आणि तो एका दगडी तोंडातून आला होता.

"बाई, बाई, हा मला चिमटे काढतो!" शाळेखालचा पेलणारा पोरांच्या स्वरात म्हणाला, आणि लगेच त्याच तोंडून एकदम पन्नास पोरांनी म्हणावा तसा बेचा पाढा सुरू झाला.

"जीभ दाखवा. आणखी बाहेर," दवाखान्याच्या बाजूने कुणी बोलले.

त्या कल्लोळातून एक आवाज सगळ्यांवर चढला. "पाय पुसून आत ये! किती वेळा सांगायचं?"

तो आवाज माझा होता. इतका कडक असतो, हे मला ठाऊक नव्हते.

मी त्या दिशेला गेले. आमच्या घराखालचा पेलणारा इतरांपेक्षा जरा जास्त ताठ उभा होता, असे मला वाटले. मी जवळ पोहोचल्यावर त्याने झुकलेली मान किंचित माझ्याकडे वळवली आणि वेगळ्याच आवाजात विचारले, "सूनबाई, आलीस?"

मला सूनबाई म्हणणारे या जगात कुणी उरले नव्हते. सासूबाई शब्दाच्या शेवटी जशी थोडी वाट पाहत, तशीच वाट पाहून तो आवाज थांबला होता.

"आले," मी म्हणाले.

"घाबरू नकोस. आमचं आपलं असं बोलणं नाही. वरून जे झिरपतं ते साठवतो आणि लागेल तसं वापरतो. तुझ्या सासूनं घर बांधलं, तेव्हापासून ते माझ्याकडे आहे."

"जड आहे का?"

"चांगलं जड आहे," तो समाधानाने म्हणाला. "जड असलं की बरं असतं. पाय टेकलेले राहतात. ज्याच्यावरचं उतरलं, त्याचे हाल काय होतात ते बघायचंय? तिकडे बघ."

मैदानाच्या मधोमध ज्या जागी आमची विहीर होती, तिच्याखाली एक म्हातारा पेलणारा होता. इतका म्हातारा, की त्याच्या अंगावरचे कंगोरे झिजून गोल झाले होते. त्याचे पाय मातीला लागत नव्हते. आम्ही दगड काढत गेलो तसतसा तो हलका होत वर चालला होता, आणि त्याच्या खांद्यांवरचा उरलासुरला खडक, म्हणजे आमच्या विहिरीचा तळ, त्याच्यासह वर सरकत होता. भोवतीच्या पेलणाऱ्यांनी आपापली घरे खांद्यांवर तशीच ठेवून हात लांबवले होते आणि त्याला मनगटांना, गुडघ्यांना, पावलांना धरून ठेवले होते. त्यांच्या बोटांना कंप सुटला होता. म्हातारा मात्र शांत होता. जिथे त्याची पावले असायला हवी होती, तिथल्या मातीत दोन मोठाले कोरडे खळगे राहिले होते.

"हा काहीच का बोलत नाही?" मी विचारले.

"कुठून बोलेल? त्याच्या डोक्यावर मैदान. तिथे कुणी राहिलंच नाही. त्याला एक शब्दसुद्धा मिळालेला नाही."

"आणि पाणी?"

"पाणी आमच्या पायांखाली. जितकं ओझं, तितका पाय रुततो, तितकं ते वर येतं. तुम्ही ओझं काढून पाणी शोधताय. आणि घरं रिकामी करून निघताय, म्हणजे आम्ही सगळेच हलके. हा सुटला की याला धरणारेही उचलले जातील."

मी विहिरीखालच्या त्या रुंद, गोल झिजलेल्या खांद्यांकडे पाहत राहिले. काढलेला सगळा दगड परत टाकला, तर विहीर बुजली. नाही टाकला, तर म्हातारा गेला, पाणी गेले आणि वस्ती गेली. परंतु माझ्या हातांनी आयुष्यभर एकच आकार घडवला आहे. तो आकार आपोआप माझ्या डोळ्यांपुढे आला.

"ओझं फक्त खांद्यांवर दिलं तर?" मी म्हणाले. "चिऱ्यांचं गोल कडं. मधलं मोकळं. आम्ही चढवत जाऊ तसं ते त्याला खाली नेईल. मधला खडक आम्ही काढून घेऊ आणि त्याला मान वर करता येईल."

बेचा पाढा थांबला. दवाखाना थांबला, भट्टी थांबली. त्या अफाट जागेत नुसते श्वास उरले.

"मान वर?" आमच्या घराखालच्याने विचारले. या वेळी त्याने कुणाचा आवाज वापरला, हे मला ओळखता आले नाही. त्यांच्यात कुणीही, कधीही मान वर केलेली नव्हती.

"पण पाण्याआधी दगड लावायचा नाही," मी म्हणाले. "हा नियम तुमचाच आहे, सासूबाई."

"मी तुझी सासू नव्हे, बाळ. मी तिचं घर धरलंय. तिनं नियम केला, तेव्हा आपण कुणावर उभ्या आहोत हे तिला माहीत नव्हतं. तुला आता माहीत आहे." मग तो जरा घुटमळला. "पाणी आलं की तू आलीस ती फट बुडेल. पुन्हा येता येणार नाही."

"समजलं."

"मग जाण्याआधी हे घेऊन जा," तो म्हणाला, आणि त्याच्या तोंडून एक जुना, घाईतला, किंचित चिडलेला आवाज आला. "अगं, माझा चष्मा कुठे ठेवलास?"

"डोक्यावर आहे तुमच्या," मी म्हणाले.

उत्तर इतके सवयीने गेले, की ते गेल्यावरच मला कळले, मी कुणाला दिले. माझ्या यजमानांना जाऊन बरीच वर्षे झाली होती. मी पदराने तोंड पुसले. तो आवाज पुन्हा मागावा असे वाटले होते. मी मागितला नाही. एकदा मागितला असता, तर मी तिथून हलले नसते.

परत वळले, तर पायवाटेखालच्या पोरांपैकी एकाने माझे लुगडे धरले. "सरक ना जरा! हिला पण घे!" शाळेच्या मधल्या सुट्टीतल्या आवाजात ते दुसऱ्याला म्हणाले, आणि दोघांनी मिळून माझ्यासाठी जागा केली. मी वाकले आणि त्यांच्यामध्ये खडकाला खांदा लावला.

भार आला, पण तो दगडाचा नव्हता. माझ्या खांद्यावरून माणसे चालत होती. एका लहान मुलीचे नाचरे पाऊल, काठी टेकणाऱ्या कुणाचे तिरके पाऊल, मूल कडेवर घेतलेल्या बाईचे एका बाजूला झुकलेले पाऊल. प्रत्येकाचे वजन मला वेगळे कळत होते आणि प्रत्येक वजन जिवंत, उबदार होते. हे सगळे असेच, अखंड, यांच्या अंगातून वाहत असते, आणि त्यासाठी हे उभे आहेत. माझ्या डोळ्यांपुढचा अंधार जणू भरून आला. आणि त्यातच मला एक जड पाऊल लागले, पाठीवर ओझे असलेले. ते थोडा वेळ या पायावरून त्या पायावर झाले, मग वळले आणि निघाले.

बेकरीवाला चालला होता.

मी फटीखाली परतून दोराला हिसका दिला.

वर पोहोचताच, पाळण्यातून उतरण्याआधीच मी ओरडले, "अडवा त्याला! चिरे वाहायला माणसं हवीत!"

"चिरे?" थोरला गोंधळला. "पाणी लागलं?"

"नाही लागलं."

"मग? आई, आधी पाणी, मग दगड. तूच मला ह्यावरून कानाखाली दिली होतीस."

"दिली होती. आता उलट्या बाजूनं द्यायला लावू नकोस."

मी जे पाहिले ते सगळ्यांना सांगितले. सूनबाईने मान डोलावली, कारण फटीशी कान लावून तिने पाढे ऐकले होते. बाकीचे एकमेकांकडे पाहू लागले. बेकरीवाला परत आला होता, पण बोचके त्याने उतरवले नव्हते. तो नम्रपणे म्हणाला, "बाई, ऊन फार झालंय. तुम्ही सावलीत बसा."

शब्दांनी हे काम होणार नव्हते. "भाऊजी," मी म्हणाले, "पाळण्यात बसा."

"मी? वहिनी, दोर तुटेल!"

"तुटला तर काम लवकर होईल. बसा."

रहाटाला सगळे गडी लागले आणि कुरकुरत्या दोरावरून दीर विहिरीत उतरले. सूनबाई तळाशी पट्ट्यासमोर उभी होती. दीर तळावर मांडी घालून बसले मात्र, खालून तिचा आवाज आला.

"वर गेला! पट्टा बोटभर वर गेला! तळ उतरतोय!"

बेकरीवाला काठाशी वाकला. "काका, जरा पाळण्यात बसा आणि पुन्हा तळावर उतरा बघू."

गड्यांनी दीरांना पाळण्यातून उचलले, पट्टा खाली आला. तळावर सोडले, वर गेला. आपल्या देहाकडे इतक्या अभिमानाने पाहण्याचा प्रसंग त्यांच्यावर पूर्वी कधी आला नसावा. "आणखी काही खायला पाठवता का?" त्यांनी खालून विचारले. काठावर हसू फुटले आणि त्या हशातच बेकरीवाल्याच्या पाठीवरचे बोचके जमिनीवर आले.

आम्ही जाड लाकडाचे गोल कडे तळावर बसवले आणि त्यावर चिऱ्यांचा पहिला थर लावला. कोरड्या विहिरीत माझ्या हाताने लावलेला तो पहिला दगड. तो ठेवताना मी मनातल्या मनात सासूबाईंची क्षमा मागितली आणि दुसरा मागवला. सगळी वस्ती चिरे वाहत होती. ज्यांनी घरांना कुलपे लावली होती, त्यांच्यापैकी काही जण बातमी ऐकून परतले, आणि ते आल्याचे मला कुणी सांगण्याआधी, विहिरीत उतरल्यावर, पायांखालच्या खडकाचा कंप कमी झालेला जाणवून कळले. थरावर थर चढत गेले. पांढरा पट्टा हळूहळू वर गेला, आमच्या डोक्यांवरून गेला आणि चिऱ्यांमागे दिसेनासा झाला. मग सूनबाईने मधला खडक फोडायला घेतला. ती छिन्नी अशी चालवत होती, जणू झोपलेल्याच्या अंगावरचे पांघरूण काढावे.

"आई," एकाएकी ती कुजबुजली. "अहो आई, बघा."

फुटलेल्या खडकातून दगडी मानेचा कणा दिसत होता. तो झुकलेला होता, हजारो वर्षांचा. आम्ही दोघी कड्यावर पाय ठेवून उभ्या राहिलो. मान हलली. तिच्यावरून मातीचे कण घरंगळले. अतिशय संथपणे, थांबत थांबत, कसे करतात हे ठाऊक नसलेल्या कामासारखी ती वर येऊ लागली. आधी कपाळ आले, मग ओठ, आणि मग तो सबंध डोळे नसलेला चेहरा विहिरीच्या गोलातून सरळ आभाळाकडे वळला. दुपारचे ऊन वरून थेट त्याच्यावर पडले होते. त्याला उजेड दिसणे शक्य नव्हते. पण ऊब लागली असावी. त्याचे ओठ उघडले आणि बराच वेळ उघडेच राहिले. सूनबाईने माझा हात धरला. मी तो सोडवून घेतला नाही.

मग खाली कुठेतरी, फार खोल, दोन जड पावले मातीत टेकल्याचा आवाज झाला.

"वर चला," मी म्हणाले. "पाणी येतंय."

ते आधी त्याच्या खांद्यांपाशी लकाकले. पाळणा वर सरकत असताना मी फटीच्या जागेकडे पाहत होते. पाण्याने ती झाकली, तेव्हा पाढे ऐकू यायचे थांबले. मग पाणी त्याच्या हनुवटीवरून, ओठांवरून, कपाळावरून चढले. तो जरासुद्धा हलला नाही. चिऱ्यांच्या कड्यात पाणी स्थिरावले आणि त्याच्या तळाशी तो चेहरा फिकट, वर वळलेला, तसाच राहिला. ज्याला पाहायचे आहे त्याने दुपारी, ऊन सरळ असताना पाहावे.

काठावर रांग लागली होती. पहिला मान बेकरीवाल्याने मागितला नाही, तरी मी तो त्याला दिला. आनंदाच्या भरात त्याने बादली अशी सोडली, की रहाट गरगर फिरला आणि दोर सळसळत खाली सुटला.

"सावकाश."

सगळ्यांनी एकमेकांकडे पाहिले. आवाज विहिरीतून आला होता. तो रुंद आणि खरखरीत होता, वस्तीतल्या कुणाचाही नव्हता, आणि बोलण्याची सवय नसल्यासारखा शब्दाच्या मध्यावर अडखळला होता. चिरे बसवताना आम्ही सगळे दिवसभर एकमेकांना हेच सांगत होतो. त्याच्या वाट्याला आलेला हा पहिला शब्द.

बेकरीवाल्याचा हात दोरावर थिजला होता.

"ऐकलंस ना?" मी म्हणाले. "सावकाश सोड."

त्याने दोन्ही हातांनी दोर धरला आणि बादली हळूहळू पाण्यात उतरवली.